रात्रीचा 'काळा इतिहास' फेरफटका पुण्यात करायचाय, शनिवारवाड्याबाहेर नक्की काय दाखवावं?

कंदीलवाला:
नमस्कार मंडळी. आम्ही पाच-सहा जण. कॉलेजात असताना पुरुषोत्तम करंडक स्पर्धेला एकांकिका केल्या, आता सगळे नोकरीला लागलोय पण खाज गेलेली नाही.

माझी मावसबहीण एडिनबराला असते. तिथे रात्री झगा घातलेला नट हातात कंदील घेऊन पंचवीस-तीस लोकांना गल्ल्याबोळांतून फिरवतो आणि खून, फाशी, भुतं असं सगळं करून दाखवतो. रॉयल माइलच्या इमारतींखाली मेरी किंग्ज क्लोज नावाची जुनी गल्ली आहे, तिथे 1645 च्या प्लेगच्या गोष्टी वेशभूषा केलेले वाटाडे सांगतात. तिने व्हिडिओ पाठवले आणि आम्हाला वाटलं, आपल्याकडे काय कमी आहे?

कच्चा आराखडा असा: रात्री साडेनऊला दिल्ली दरवाजा, मग लाल महाल, कसबा गणपती, बुधवारातून फिरून परत वाड्यापाशी. शेवट नारायणराव पेशव्याच्या 'काका मला वाचवा'वर. मागच्या भिंतीआडून स्पीकरवर किंकाळी, सगळ्यांचे कंदील एकदम बंद. तिकीट साधारण चारशे.

प्रश्न: आणखी कुठल्या गोष्टी घ्याव्यात? परवानग्या काय लागतात? आणि हे पुण्यात चालेल का?

शनिवारातला:
चालेल की नाही माहीत नाही, ऐकू मात्र नक्की येईल. आम्ही वाड्याच्या पिछाडीला राहतो. दर पौर्णिमेला कुठून कुठून पोरं बाइकवर येतात, भिंतीला कान लावतात आणि काही ऐकू आलं नाही की स्वतःच ओरडतात. त्या किंकाळीचं आम्हाला काही कौतुक उरलेलं नाही.

रात्री दहानंतर उघड्यावर स्पीकर लावता येत नाही, कायदा आहे. साडेनऊला सुरू करून शेवटी किंकाळी म्हणजे तुम्ही अकराच्या सुमाराला आमच्या खिडकीखाली असणार. मी शंभर नंबर फिरवणार. आत्ताच सांगून ठेवतो, नंतर पुणेकर खडूस म्हणू नका.

प्रॉम्प्टर:
शनिवारातले, फोन ठेवा खाली. पोरं विचारून करतायत तर करू द्या.

कंदीलवाला, मी राज्य नाट्य स्पर्धेच्या काळापासून विंगेत उभी राहिलेली बाई. आता शाळेच्या मुलांना सकाळी पेठांतून फिरवते. तेव्हा नाटक आणि रस्ता दोन्हींबद्दल बोलते.

पहिलं म्हणजे तुमचा शेवट काढून टाका. नारायणरावांचा खून रात्री झालेलाच नाही. 30 ऑगस्ट 1773, भर दुपारी, एकच्या सुमाराला झाला. हो, पुण्यात दुपारी एक वाजता. गणपतीचे दिवस होते, भाद्रपद शुद्ध त्रयोदशी. पेशवा नुकता अठरा पूर्ण झालेला, गादीवर येऊन वर्षही झालं नव्हतं. सकाळी पर्वतीला जाऊन आला होता. काहीतरी शिजतंय अशी कुणकुण त्याला लागली होती आणि त्याने सरदार हरिपंत फडक्यांना बंदोबस्त करायला सांगितलं. हरिपंतांना जेवणाचं आमंत्रण होतं, बंदोबस्त जेवणानंतर बघू म्हणाले. तेवढ्यात पगाराच्या थकबाकीची ओरड करत गारदी, म्हणजे भाडोत्री शिपाई, आत घुसले.

मला विचाराल तर पौर्णिमेच्या सगळ्या भुतांपेक्षा हे जेवणाचं आमंत्रण जास्त भयंकर आहे. ऊन पडलंय, पंगती उठल्यात, आणि राज्याच्या धन्याला कोणी वाली नाही. हा प्रसंग अंधारात किंकाळी मारून दाखवलात तर त्यातलं जे खरं भय आहे तेच मारून टाकाल.

दुसरं. अर्ध्या तासात त्या वाड्यात अकरा माणसं मेली. आपल्याला एकच नाव पाठ. चाफाजी टिळेकर नावाचा सेवक नारायणरावाच्या अंगावर आडवा पडला आणि त्याच्यासकट कापला गेला. नारोबा नाईक गेले. दोन दासी होत्या, त्यांची नावं कोणी घेत नाही. 'ध चा मा' तर शाळेतल्या पोरालाही येतं, त्यावर दहा मिनिटं घालवू नका. तुमच्याकडे चांगली नटी असेल तर तिला दासी करा. सुमेरसिंग गारदी, तुळाजी पवार, राघोबादादा, सगळे तिच्या तोंडून येऊ देत. तिने काय पाहिलं, कुठून पाहिलं, एवढंच.

मग रात्र कुठून आणायची? रात्र आहे की. त्याच रात्री त्र्यंबकराव पेठ्यांनी प्रेत नदीकाठी नेऊन लकडी पुलाजवळ दहन केलं. वाड्याच्या ज्या दरवाजातून ते बाहेर काढलं म्हणतात त्याला आजही नारायण दरवाजा म्हणतात. दिल्ली दरवाजासमोर उभं राहायचंच कशाला? तिथे शिवाजी रस्त्याच्या हॉर्नमध्ये तुमचं प्रत्येक वाक्य अर्धं जाणार, आणि त्या पांढऱ्याफटक दिव्यांखाली कंदील म्हणजे नुसती शोभा. नारायण दरवाजापाशी सुरू करा, शनिवारातल्या बोळांतून ओंकारेश्वराकडे उतरा आणि नदीच्या बाजूने लकडी पुलाकडे जा. प्रेक्षक ज्या वाटेने चालतील तीच गोष्ट. पावसाळ्यात खडकवासल्यातून पाणी सोडलं की नदीपात्रातला रस्ता बुडतो, तेव्हा 30 ऑगस्टची तारीख साधायचा हट्ट धरू नका. शिवाय गणपतीत पेठांत पाय ठेवायला जागा नसते.

सुरुवातही देते. पेशवाईत रात्री ठरल्या वेळी तोफ व्हायची. त्यानंतर रस्त्यावर जो दिसेल त्याला कोतवालाची माणसं धरून चावडीत नेऊन बसवत, सकाळी सोडत. म्हणजे तुमचे पंचवीस प्रेक्षक जमल्या क्षणापासून गुन्हेगार आहेत! गस्तवाल्याचा नट मागून येऊ दे, पुढून नको. "तोफ ऐकली नाही काय? कोणाच्या आळीचे तुम्ही?" एखाद्याला खरोखर बाजूला काढून नाव-गाव विचारा. स्पीकर लागत नाही, प्रकाश लागत नाही, पैसे तर मुळीच लागत नाहीत.

घाशीराम कोतवाल तिथूनच आपोआप येतो. 1791 च्या ऑगस्टअखेर त्याने तेलंगी ब्राह्मणांना कोठडीत कोंडलं, त्यातले बरेच गुदमरून मेले आणि मग शहराने त्याला दगडांनी ठेचलं. कोठडीतली गर्दी अंगावर आणायची असेल तर लोकांना एखाद्या अरुंद बोळात दाटीवाटीने उभं करून गोष्ट ऐकवा. पण आधी सांगून, आणि वाट मोकळी ठेवून. पेठेतल्या प्रेक्षकांत साठीपुढचे बरेच असतात.

लाल महालाची गोष्ट खरी रात्रीची: 5 एप्रिल 1663, रमजानचा महिना, चैत्र शुद्ध अष्टमी. पण शाइस्तेखानाची बोटं ही आपल्याकडे विजयाची गोष्ट आहे, लोक टाळ्या वाजवतील. काळ्या इतिहासात टाळ्या पडल्या की पुढचा प्रवेश उचलता उचलत नाही, म्हणून ती ठेवलीत तर पहिल्या पंधरा मिनिटांतच संपवा. शिवाय आत्ताचा लाल महाल महापालिकेने 1980 च्या दशकात बांधलेला आहे, त्याच्या भिंतीला हात लावून 'याच भिंतीने पाहिलं' असलं काही बोलू नका. शनिवारवाड्याबद्दलही तेच. 1828 च्या फेब्रुवारीत आग लागली, आतल्या इमारती गेल्या, राहिले ते तट, दरवाजे आणि जोती.

माझा स्वतःचा आवडता प्रसंग विठोजी होळकरांचा. 1801 च्या एप्रिलमध्ये दुसऱ्या बाजीरावाने त्यांना वाड्यासमोर हत्तीच्या पायी दिलं. पुढच्या वर्षी दिवाळीच्या दिवसांत, 25 ऑक्टोबरला, भाऊ यशवंतराव हडपसरला फौज घेऊन आला आणि बाजीराव पुण्यातून पळाला. 31 डिसेंबरला इंग्रजांशी वसईचा तह. एका शिक्षेची किंमत किती ते बघा. आणि त्यापाठोपाठ 1803-04 चा दुष्काळ. हे कोणी करत नाही, कारण यात भूत नाही.

परवानग्या: संहिता रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडून मंजूर करून घ्या, पोलिसांना मार्ग आणि वेळ लेखी कळवा. वाड्याच्या आत काही करायचं तर पुरातत्त्व खात्याकडे जावं लागेल, म्हणून बाहेरच करा. साडेसातला सुरू करा, साडेनऊला संपवा. कसब्याचं मेट्रो स्टेशन जवळ आहे, लोकांना गाड्या आणू नका म्हणावं.

सावली:
प्रॉम्प्टरताईंचं सगळं पटलं. पण 'काळा इतिहास' म्हणताना वाड्याच्या आतलेच खून का मोजायचे?

बुधवारात भिडे वाड्यात 1848 साली मुलींची शाळा सुरू झाली. फुल्यांच्या शाळेत शिकणाऱ्या मुक्ता साळवे या चौदा वर्षांच्या मुलीने 1855 मध्ये 'ज्ञानोदय' नियतकालिकात मांग-महारांच्या दुःखाविषयी निबंध लिहिला. त्यात बाजीरावाच्या काळातली गोष्ट आहे. तालीमखान्यासमोरून मांग किंवा महार गेला तर गुलटेकडीच्या मैदानात त्याच्या डोक्याचा चेंडू आणि तलवारीचा दांडू करून खेळत. हे लिहिलंय पेशवाई बुडाल्यावर चाळीस वर्षांच्या आत, पुण्यातच राहणाऱ्या मुलीने. म्हणजे तिच्या घरच्या म्हाताऱ्यांनी तो काळ पाहिलेला.

भिडे वाडा 2023 च्या डिसेंबरात पाडला, पण जागा तिथेच आहे. गस्तवाल्याने 'कोणाच्या आळीचे' विचारलं की एक प्रेक्षक, म्हणजे तुमचीच नटी, उत्तर देणार नाही. गप्प राहील. तिला तिथे पोचल्यावर बोलू द्या. तिच्यासाठी हे शहर नुसतं तोफेनंतर बंद होत नव्हतं, दिवसाही बंदच होतं.

कंदीलवाला:
बापरे. आम्ही किंकाळीसाठी स्पीकर बघत होतो.

प्रॉम्प्टरताई, दासीची कल्पना ग्रुपवर टाकली, आमच्यातल्या दोघी आत्तापासूनच भांडतायत. सावली, ती गप्प राहणारी प्रेक्षक घेतोच. फक्त भिडे वाड्याची जागा नदीच्या वाटेवर येत नाही. आधी बुधवारात जायचं आणि मग मागे वळून नारायण दरवाजा, असं केलं तर? चालणं वाढेल.

प्रॉम्प्टर:
वाढू दे. पण क्रम उलटा नको, काळ उलटा जातो. दोन वेगळ्या रात्री करा. एका रात्री नदीची वाट, दुसऱ्या रात्री बुधवार: कोतवाल चावडी, घाशीराम आणि शेवट मुक्ताचा निबंध. तो वाचताना अभिनय करायचा नाही, कागदावरून सरळ वाचायचा. आणि भांडणाऱ्या दोघींपैकी जिचा आवाज बारीक आहे तिला दासी द्या. लोक ऐकायला जवळ सरकतात, मग शनिवारातल्यांची झोपही मोडत नाही.

शनिवारातला:
साडेनऊला संपणार असेल आणि स्पीकर नसेल तर माझी हरकत नाही. आमच्या बोळात थांबलात तरी चालेल, फक्त बोळाच्या तोंडाशी थांबा, आत नको. आत जोशीकाकूंच्या गाड्या लावलेल्या असतात आणि त्या कोणालाही सोडत नाहीत, गस्तवाल्यालाही नाही.

पहिल्या प्रयोगाची तारीख इथे टाका. चारशे जास्त आहेत.