राडा : चिखल की मारामारी?

निपाणीहून प्रश्न : ऑगस्ट 2019 च्या पुरानंतर मामाने मुंबईच्या जुन्या मित्राला फोनवर सांगितलं, "घरात गुडघाभर राडा हाय." तिकडून घाबरून विचारणा, "कुणाशी?" मामा तरुणपणी मुंबईत पंक, म्हणजे धांगडधिंग्याचं रॉक संगीत, वाजवायचा, त्यामुळे शंका अगदीच वावगी नव्हती. आता साठी उलटलीय, कानात सतत शिट्टी वाजते, गिटार सुटलेली नाही. तर राडा म्हणजे नक्की काय?

खानापूर : आमच्याकडे चिखलच, पण तुडवून तुडवून झालेला. पूर ओसरल्यावर तळाला राहतो तो गाळ. त्यात धान्य, अंथरुणं, शेण कालवलं गेलं की राडा. कन्नडमध्येही राडी म्हणजे चिखल. कुणी कुणाकडून घेतला यात मी पडत नाही, एक सीमावाद पुरे झाला. मारामारीचा अर्थ मुंबईकडचा. तुडवातुडवी दोन्हीकडे आहेच म्हणा.

बेळगाव : संस्कृतात पंक म्हणजेही चिखल, म्हणून तर कमळ पंकज. इंग्रजी पंकशी त्याचा काडीचा संबंध नाही. तिकडे पंक म्हणजे विस्तव धरायला वापरायचं कुजकं, वाळलेलं लाकूड. उनाड पोरांना हिणवायलाही तोच शब्द. 1974 साली न्यूयॉर्कमध्ये रामोन्स हा पंक बँड जमला, त्याच सुमारास तो गाण्याला चिकटला.

निपाणी : मामाला वाचून दाखवलं. कुजकं लाकूड ऐकून म्हणाला, "माळ्याच्या तुळया बघ, पंकच झाल्यात." मग जुनी गोष्ट निघाली. आजोबा त्याच्या गाण्याला "कसला राडा घातलाईस" म्हणायचे, चिखल या अर्थी. मामा मुंबईचा अर्थ धरून खूश व्हायचा. कित्येक वर्षं दोघांचं असंच चाललं, कुणी खुलासा केला नाही. पुरात आजोबांची पेटी गेली. गिटार आढ्याला टांगलेली, म्हणून वाचली. ते मामाला अजून बरं वाटत नाही.

आणखी एक. पंचनाम्याला आलेला माणूस म्हणाला, "मनी बिद्दैती," म्हणजे घर पडलंय. मामा अडूनच बसला : पडलं नाही, बसलंय. मातीची भिंत पाण्याने फुगली की जागच्या जागी खाली येते, त्याला आम्ही पडणं म्हणत नाही. कागदावर 'पडलं'च लागलं. नाहीतर भरपाई कुठली?

"बाबांनी बसवलेलं घर बसलं," असं मामा एका दमात बोलून गेला. ही दोन बसणी कोशात एकाच नोंदीत येतात का?

खानापूर : एकाच धातूची आहेत, येणारच. पण बसवायला तुझ्या आजीआजोबांना किती वर्षं लागली ते विचार की.