आपल्या माणसाची घालमेल आकड्यात मोजायची का?

हर्णैची धाकटी
माझा दादा ३८ वर्षांचा, बौद्धिक अक्षमता आहे, कार्डावर ७५ टक्के लिहिलंय. बोलतो, पण मोजकं. रोज संध्याकाळी बंदरावर लिलावाला जायचा, सगळे ओळखतात, कोणीतरी दोन बांगडे पिशवीत टाकतंच. १ जूनला बोटी बंद झाल्या, लिलाव थांबला आणि त्यातच वारा सुटला. तेव्हापासून रात्रभर जागा. सगळ्यांच्या चपला उचलून आत आणतो, बॅटरी उशाखाली घेतो, पत्रा जरा वाजला की उठून बसतो. २०२० च्या निसर्ग वादळात आमचे पत्रे उडाले, अर्ध्या पोफळी आडव्या झाल्या, तेव्हा तो आईला धरून मोरीत बसला होता. काय होतंय विचारलं की म्हणतो "बाय, पोटात वारा आला".

एका डॉक्टरांना दाखवलं तर म्हणाले यांचं असं असतंच, झोपेची गोळी द्या. दुसरीकडे मॅडमनी प्रश्नांचा कागद काढला. छातीत धडधडतं का? हो. घाम येतो का? हो. लोकांची भीती वाटते का? हो. मला राहवेना म्हणून मी मधेच विचारलं, दादा, आज आभाळातून मासे पडले? "हो." तरी मॅडमनी बेरीज केली आणि चिंता जास्त आहे असं लिहून दिलं. चिंता आहे हे मलाही माहितीये हो, पण तो आकडा माझ्या दादाचा नाही. मोजायचंच असेल तर त्याला कळेल अशा पद्धतीने मोजा, नाहीतर राहू दे. तुम्हाला काय वाटतं?

शाळामास्तर रत्नागिरी
ताई, तुमचा राग समजतो पण "राहू दे" हे अजिबात पटलं नाही. विशेष शाळेत २२ वर्षं शिकवतोय. "यांचं असं असतंच" ह्या वाक्याने आमच्या मुलांचं जेवढं नुकसान केलंय तेवढं कुठल्या प्रश्नावलीने केलं नसेल. १९८२ साली अमेरिकेत रीस आणि सहकाऱ्यांनी मानसतज्ज्ञांना एका प्रचंड घाबरणाऱ्या माणसाचं वर्णन वाचायला दिलं होतं. तोच माणूस बौद्धिक अक्षमता असलेला आहे असं सांगितलं की त्या भीतीला आजार म्हणणारे कमी झाले. भीती तीच, फक्त लेबल बदललं! हे तोडायचं तर डॉक्टरांच्या टेबलावर काहीतरी ठेवावं लागतं, आणि "तो घाबरलाय हो" एवढ्यावर कोणी थांबत नाही हा माझा अनुभव आहे.

दुसरं, मॅडमचा कागद बहुतेक साध्या माणसांसाठीचा असणार. आपल्या लोकांसाठी वेगळे आहेत. ग्लासगो अँग्झायटी स्केल २००३ चं, २७ प्रश्न, काळज्या, ठराविक भीती आणि शरीराची लक्षणं असे तीन भाग, उत्तरं कधीच नाही, कधीकधी, नेहमी. सौम्य अक्षमता असलेल्या, बोलू शकणाऱ्या माणसाने स्वतः उत्तर द्यावं म्हणूनच ते केलंय. शस्त्र चुकीचं वापरलं म्हणून शस्त्रच नको म्हणू नका.

देवगडची आवस
मास्तरांनू, माझो झील २६ वर्साचो, तोंडातसून एक शबूद नाय. भियालो की दारामागे जाऊन रवता नि सदऱ्याची गुंडी चावता, ह्या माका कळता. तुमचे २७ प्रश्न तेका इचारूचे कसे? माका आकडो नको. माका तेच्या दारामागे कोण तरी येवन बसात असो माणूस होयो.

शाळामास्तर रत्नागिरी
काकी, त्यांच्यासाठी घरच्यांनी भरायचे तक्ते असतात, अडॅम्स नावाचा २८ प्रश्नांचा आहे. गुंडी चावणं, दारामागे जाणं किती वेळा होतं ते तुम्हीच सांगायचं.

गुहागरचा चाकरमानी
आणि तिथेच घोळ आहे सर. आमच्या बहिणीसाठी असा तक्ता मी आणि आईने वेगवेगळा भरला, एकाच दिवशी, एकमेकांचं न बघता. आईचा आकडा माझ्या जवळपास दुप्पट. कारण आई स्वतः रात्री झोपत नाही, तिला प्रत्येक हालचालीत भीती दिसते, आणि मी मुंबईहून चार दिवसांसाठी आलेलो, मला काहीच दिसत नाही. मग मोजलं कोणाला, बहिणीला की आम्हाला? त्यापेक्षा हाताला घड्याळ बांधा, नाडीचे ठोके खोटं बोलत नाहीत.

शाळामास्तर रत्नागिरी
खोटं बोलत नाहीत पण कशासाठी वाढले तेही सांगत नाहीत. पालखी दारात आली की माझ्या एका मुलाचे ठोके भरपूर वाढतील, ते आनंदाने. चढ चढला तरी वाढतील. आणि दोन आकडे वेगळे आले ना, त्यावर तुम्ही आणि आई बोललात का? तीच तर खरी माहिती होती.

पीएचसीतली सिस्टर
ह्या सगळ्याच्या आधी एक सांगते. डाऊन सिंड्रोम असेल तर थायरॉइड बघितलंय का? तो बिघाड त्यांच्यात बराच दिसतो. डाऊन नसलं तरी दात बघा, कान बघा, पोट साफ होतंय का बघा, चहा किती पितात बघा. ज्याला "दाढ दुखते" सांगता येत नाही तो पण रात्रभर फेऱ्याच मारणार. आधी शरीर, मग प्रश्नावली.

हर्णैची धाकटी
सिस्टर, डाऊनच आहे. थायरॉइड शेवटचा कधी बघितला ते आईलाही आठवत नाही, चूक आमचीच.

सर, तुमचं अर्धं पटलं. "हो" म्हणायची सवय अमेरिकेत १९८१ सालीच अभ्यासात दिसली होती, सिगेलमन यांचा अभ्यास, हे मी नंतर वाचलं. हा किंवा तो असं विचारलं तर बरेच जण शेवटचं उचलतात, चित्रं दिली तर फरक पडतो. म्हणून घरी तीन पेले ठेवले, एक रिकामा, एक अर्धा, एक भरलेला. पोटात वारा किती, विचारलं. दादाने भरलेला उचलला आणि त्यात अर्ध्यातलं पाणी ओतलं, सगळं ताटात सांडलं.

गुहागरचा चाकरमानी
पाण्याशी खेळला असेल ताई. आपल्याला हवं ते आपण बघतो, मीच मगाशी सांगितलं तसं.

हर्णैची धाकटी
मलाही तसंच वाटलं. म्हणून दुसऱ्या दिवशी पेल्यांची जागा बदलली, रिकामा शेवटी ठेवला. परत भरलेला शोधून ओतलं. मग परवा ऊन पडलं, वारा अगदी पडलेला, त्याला बंदरावर नेलं, वर ओढलेल्या होड्यांमध्ये तासभर बसला, तांडेल काकांनी जाळं शिवताना सुतळीचं टोक धरायला दिलं. घरी येऊन विचारलं तर त्याने अर्धा पुढे सरकवला, ओतलं नाही. लिलाव नाही म्हणून की वारा म्हणून, ते पेले सांगत नाहीत, दोन्ही वेगळं विचारायला हवं. सध्या वहीत तारीख, वारा, झोप आणि पेला एवढंच लिहितेय. आई वेगळ्या वहीत लिहितेय, माझी न बघता. रक्ताची तपासणी शुक्रवारी, दातांच्या डॉक्टरांकडे सोमवारी. काकी, तुमच्या झिलासाठी पेले चालणार नाहीत हे कळतं मला, पण दारामागे तो किती वेळ बसतो ते लिहून ठेवाल का?

देवगडची आवस
लिवतंय. पण पयलो मी तेच्या बाजूक बसान, मगे लिवन.