चिप्सच्या पाकिटावर बंदीच हवी, रीसायकलिंगच्या गप्पा पुरे

मेहरूणकर:
दोन महिने घरातली आणि गल्लीतल्या पोरांची चिप्स-शेवेची रिकामी पाकिटं जमवली. गोणी टम्म फुगली. वाण्याच्या काट्यावर पाचवाली शंभर पाकिटं टाकून बघितली, अडीचशे ग्रॅमसुद्धा भरली नाहीत. भंगारवाल्याने गोणीत हात घातला, आतली चांदी बघितली आणि गोणी परत पायरीवर ठेवली. "हाई नको भाऊ. दूधनी थैली शे का?"

ज्या जळगावात जुन्या प्लास्टिकचा दाणा करून चटया विणतात, तिथे हे फुकट कोणी घेत नाही. मग विकायला परवानगी कशाला? २०१६ च्या प्लास्टिक कचऱ्याच्या नियमांत रीसायकल न होणारी बहुस्तरीय (एकावर एक थर चिकटवलेली) पाकिटं दोन वर्षांत बंद करायची असं होतं. २०१८ मध्ये त्यात पळवाट घातली: ज्यातून ऊर्जाही मिळत नाही आणि दुसरा उपयोगही नाही, तेवढीच बंद. आता जाळलं की ऊर्जा मिळतेच की!

केळीवेफर_सावदा:
भाऊ, बंदी म्हणायला सोपी. आमचा केळीच्या वेफर्सचा धंदा आहे. साध्या पारदर्शक पिशवीतला माल मे महिन्यात किती दिवस चांगला राहतो ते या बघायला. उजेड आणि हवा लागली की तेल खवट होतं. चांदीच्या पाकिटात नायट्रोजन भरला तेव्हा कुठे आमचा माल पुण्या-मुंबईच्या दुकानांत टिकायला लागला. बंदी आली तर मोठ्या कंपन्या सहा महिन्यांत दुसरं पाकीट काढतील. मरू आम्ही.

मेहरूणकर:
भुसावळ स्टेशनवर साध्या पिशवीतले खपतातच ना?

केळीवेफर_सावदा:
खपतात. आज तळले ते उद्या संपतात म्हणून. त्यावर कर्ज फिटत नाही.

धुळ्याची_मास्तरीण:
आम्ही शाळेत पाकिटं बाटलीत ठासून विटा केल्या, त्यांचा बाक बांधला. इच्छा असली की मार्ग निघतो.

दाणा_मशीन:
मॅडम, बाक उन्हात असेल तर बाटल्या ठिसूळ झाल्या का तेवढं बघत जा. कचरा गेला नाही, पॅक झाला.

मी एमआयडीसीत दाण्याच्या मशीनवर आहे. हे पाकीट का नको ते सांगतो. चटईचा दाणा पीपीचा, म्हणजे पॉलिप्रॉपिलीन नावाच्या प्लास्टिकचा. पीपी १६० अंशांच्या आसपास वितळतं. काही पाकिटांत पीईटीचा (पाण्याच्या बाटलीच्या प्लास्टिकचा) थर असतो, त्याला अडीचशेच्या पुढे लागतं. तेवढं तापवलं तर पीपी करपतं, कमी ठेवलं तर पीईटीचे तुकडे जाळीत अडकतात. मग मशीन थांबवा, जाळी बदला. वर शाई आणि ॲल्युमिनियम. दाण्यात बुडबुडे राहतात आणि चटई विणायची नळी ओढताना मध्येच तुटते. मालक शिव्या घालतो ते वेगळंच.

पण सगळी पाकिटं तशी नसतात हेही खरं. बरीच दोन्ही थर पीपीचीच असतात. ती चालू शकतात.

पारोळेकर:
सिमेंटच्या भट्टीत पाठवा, विषय संपला.

मेहरूणकर:
आपल्या खानदेशातल्या तीन जिल्ह्यांतून चंद्रपूरकडच्या भट्ट्यांपर्यंत ही हवा भरलेली गोणी न्यायचं भाडं कोण देणार? आणि जाळण्याला रीसायकलिंग म्हणायचं असेल तर आमची आजी चुलीत तेच करायची.

पारोळेकर:
भाडं कंपनी देईल. २०२२ च्या नियमांप्रमाणे जबाबदारी त्यांचीच आहे. या पाकिटांसाठी २०२४-२५ ला ३० टक्के रीसायकलिंगचं बंधन घातलंय, पुढे वाढत जाऊन ६०. जे होतच नाही तेवढंच भट्टीला किंवा रस्त्याच्या डांबरात.

मेहरूणकर:
कागदावर ना? माझ्या पायरीवर तर कोणी आलं नाही. २०१८ च्या प्लास्टिकबंदीत दुधाच्या पिशवीवर ५० पैसे परतावा छापायचं ठरलं होतं. कोणाला मिळाला इथे? पाकिटावर एक रुपया लावा, पोरं गटारीतूनसुद्धा वेचून आणतील.

केळीवेफर_सावदा:
पाच रुपयांच्या पाकिटावर एक रुपया! आणि खेड्यातल्या टपरीवाल्याने रिकामी पाकिटं ठेवायची कुठे, उंदरांसाठी? तुम्ही टपरी चालवून बघा एकदा.

मेहरूणकर:
हे मात्र माझ्या डोक्यात आलं नव्हतं. पण मग बंदीच बरी.

दाणा_मशीन:
भाऊ, वाद राहू द्या. ती गोणी आणा, निव्वळ पीपीवाली वेगळी काढून. एक घाणा चालवून बघतो. धुऊन आणा पण, गरम मसाल्याच्या वासात मशीनजवळ उभं राहवत नाही.

मेहरूणकर:
आणतो. पण पीपी कुठलं ते ओळखायचं कसं? वीस-पंचवीस पाकिटं उलटीपालटी करून बघितली. रीसायकलिंगचा त्रिकोण आहे तिथे सगळीकडे ७ च छापलाय.

दाणा_मशीन:
७ म्हणजे 'इतर'. तिथेच तर आमचं पण अडतं.