अनुभव धागा: विशेष मुलांसोबत सरावाचे पहिले दिवस

विशेष शिक्षणाच्या पदविकेत सराव सुरू झाला की भल्याभल्यांचे हातपाय गार पडतात. पेपर लिहिणं वेगळं आणि खिडकीची कडी वाजवत बसलेल्या चार वर्षांच्या स्वमग्न मुलाजवळ जाऊन बसणं वेगळं. सोलापूरकरांनो, तुम्हाला धीर कसा आला ते लिहा. उपदेश नकोत, प्रसंग सांगा.

पूर्व भागात सराव केलेली विद्यार्थिनी
आमच्या वर्गात बऱ्याच पोरांच्या घरी तेलुगू बोलतात. मी आपली 'ये, बस' म्हणतेय आणि एक पोरगं ढिम्म. फाईलमध्ये आधीचाच शेरा: 'सूचना पाळत नाही.' त्याची आजी विड्या वळते. ती न्यायला आली की तिच्याकडून रोजचे शब्द विचारून घ्यायला लागले. मग एकदा लांबूनच 'रा', म्हणजे 'ये', म्हटलं, तर त्यानं मान वळवली. पाण्याच्या बाटलीचं चित्र दाखवून 'नीळ्ळु' म्हटलं, तर पठ्ठ्या दप्तरातून बाटलीच घेऊन आला! बाईंनी फाईलमधला शेरा बदलायला लावला, तोही माझ्या हातानं. त्यानंतर वर्गात शिरताना पोटात गोळा येणं थांबलं.

फिजिओथेरपीचा विद्यार्थी
सेरेब्रल पाल्सी (मेंदूला झालेल्या इजेमुळे हालचालींवर ताबा राहत नाही) असलेल्या मुलीला उचलायचं म्हणजे मला धडकीच भरायची. ताठरलेले पाय जोरानं ओढायचे नसतात. कंबर आणि गुडघे हळूच वाकवून अंगाशी घेतलं की ताठरपणा बराच सैल पडतो. पुस्तकात वाचलं होतं, पण तिथल्या मावशींनी माझे हात धरून करून घेतलं तेव्हा जमलं. मावशी मला 'सर' म्हणायच्या. खरं तर उलट हवं होतं.

अंगणवाडी सेविका, दक्षिण सोलापूर
आम्हाला कुठला सराव? मूल थेट पुढ्यातच. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचं पथक वर्षातून दोनदा तपासणीला येतं. मी वहीत टिपून ठेवते: हाकेला बघतं का, काय खातं, कशाला दचकतं. वही हातात असली की डॉक्टरांपुढं जीभ अडखळत नाही.

एक आई
तुम्ही नवीन आहात ते आम्हाला कळतंय की ओ. आमच्या भिंतीला लागून यंत्रमाग आहेत. त्या खटखटीत पोरगं गाढ झोपतं आणि मिक्सर लावला की कान दाबून रडतं. सरावाच्या एका मुलीनं आल्या आल्या विचारलं, याला कशाचा त्रास होतो? लई बोलले मी तिच्याशी. जाताना तिला कडक भाकरी आणि शेंगाचटणी बांधून दिली.