कॉपी केसची सुनावणी: सही दिली म्हणजे सगळं संपलं का?

मधला_भाऊ:
धाकटी बहीण बी.कॉम.च्या दुसऱ्या वर्षाला. कॉस्टिंगच्या पेपरला भरारी पथक आलं. तिच्याकडे मैत्रिणीचा कॅल्क्युलेटर होता आणि त्याच्या सरकत्या झाकणाच्या आतून पेन्सिलीने तीन-चार फॉर्म्युले. मीन, स्टँडर्ड डेव्हिएशन असले, म्हणजे स्टॅटिस्टिक्सचे. कॉस्टिंगचा एकही नाही. पण ऐकतो कोण? उत्तरपत्रिका जप्त, नवीन दिली आणि छापील फॉर्मवर सही घेतली. हिने रडत रडत केली. आता निकाल राखून ठेवलाय आणि पत्र आलंय, 'चौकशी समितीपुढे हजर राहावे.' आरोप काय, कुठला पेपर, काही नाही. आई म्हणते माफी मागून मोकळी हो. कॉलेजातले क्लार्क म्हणतात, 'सही केलीय ना, मग विषय संपला.' खरंच संपला का?

धडाकेबाज:
वकील गाठा, सरळ हायकोर्ट. तेव्हाच वठणीवर येतात.

निवृत्त_मास्तर:
हायकोर्ट नंतर. आत्ता गेलात तर बहुधा 'आधी समितीपुढे म्हणणं मांडा' असंच ऐकायला मिळेल. मी अशा समितीवर काम केलंय, म्हणून टेबलाच्या पलीकडून सांगतो.

सही हा एक पुरावा झाला, निकाल नव्हे. ऐकून न घेता शिक्षा देता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने घनश्याम दास गुप्ता प्रकरणात १९६२ सालीच सांगितलंय. उत्तर प्रदेश बोर्डाने मुलांना न विचारता निकाल रद्द केले होते. (अख्ख्या केंद्रावर सामूहिक कॉपी असेल तर एकेकाला बोलवावं लागत नाही, ते बिहारचं १९७० चं प्रकरण. तुमचं तसं नाही.)

पण सिनेमातल्यासारखी उलटतपासणी होईल ही आशा सोडा. आपल्याच राज्य मंडळाच्या के. एस. गांधी प्रकरणात (१९९१) कोर्ट म्हणालं की इथे फौजदारी खटल्याइतका पक्का पुरावा लागत नाही. वकिलाला आत घेतीलच असंही नाही. तेव्हा सगळी भिस्त कागदांवर.

आजच लेखी अर्ज द्या: आरोप नेमका काय, पर्यवेक्षकाचा रिपोर्ट, ते झाकण किंवा त्याचा फोटो, दोन्ही उत्तरपत्रिका आणि सही केलेला फॉर्म. सुनावणीआधी दाखवा म्हणावं. आम्ही जप्तीची पाकिटं उघडायचो तेव्हा आत चिठ्ठी असायची, पण ती बाकाखाली सापडली की मुलाच्या खिशात, हे रिपोर्टात नसायचंच! एका पाकिटात तर दुसऱ्याच मुलाची चिठ्ठी होती.

मग शांतपणे एकच विचारा: झाकणावरचं उत्तरपत्रिकेत कुठे उतरलंय? 'माझं नव्हतंच' हा धोशा नको, तो समितीने दिवसभर ऐकलेला असतो.

एलएलबी_तिसरं_वर्ष:
सर, पण हॉटेल मॅनेजमेंटच्या वैभव सिंग चौहानचं काय? चिठ्ठी जवळ सापडली एवढ्यावरही सर्वोच्च न्यायालयाने संस्थेचीच बाजू घेतली ना?

निवृत्त_मास्तर:
घेतली. म्हणून ती निर्दोष सुटेल असं मी म्हटलंच नाही. पण मुंबई विद्यापीठाच्या ऑर्डिनन्स ५०५० मध्ये (परीक्षेतल्या गैरप्रकारांचा नियम) साहित्य नुसतं जवळ असणं आणि त्यावरून उतरवणं यांच्या शिक्षा वेगळ्या आहेत. तुमच्या विद्यापीठाचा नियम काढा आणि साहित्य 'त्या पेपरशी संबंधित' असावं लागतं का ते शब्दशः वाचा. असेल तर बाजू भक्कम. नसेल तर शिक्षा कमी करण्यावर जोर द्या. माझ्या मते न वापरलेल्या फॉर्म्युल्यासाठी पोरीचं सेमिस्टर घालवणं हा अतिरेक आहे, पण माझं मत तिथे चालणार नाही.

मधला_भाऊ:
काका, माफीचं आईला काय सांगू?

निवृत्त_मास्तर:
मागू दे की. झाकण तपासून आत नेलं नाही, एवढ्याचीच. 'कॉपी केली' असं पुन्हा लिहून देऊ नका. आणि आदेशात कारणं लिहा अशी विनंती अर्जातच करून ठेवा.

मधला_भाऊ:
अर्ज दिला. आवक-जावकवाले पोचेचा शिक्का द्यायला खळखळ करत होते. स्पीड पोस्टाने पाठवतो म्हटल्यावर मारला.