बिश्केकला चाललोय. जुना व्यापारी रस्ता प्रत्यक्ष कुठे बघायला मिळेल?

लातूरकर_गुरुजी

नमस्कार मंडळी. जिल्हा परिषदेच्या शाळेत ३१ वर्षं इतिहास शिकवला, दोन वर्षांपूर्वी निवृत्त झालो. धाकटा मुलगा किरगिझस्तानात बिश्केकला एमबीबीएसच्या तिसऱ्या वर्षाला आहे. येत्या जूनमध्ये मी आणि आमच्या सौ. पंधरा दिवस त्याच्याकडे जाणार आहोत.

वर्गात मुलं रेशीम मार्ग नकाशावर लाल पेन्सिलीने काढायची. चीनपासून रोमपर्यंत एकच सलग रेघ. मीच तसं शिकवलं. दरवर्षी सहल तेरला न्यायचो. तेर म्हणजे जुनं तगर. पहिल्या शतकातल्या 'पेरिप्लस' या ग्रीक पुस्तकात त्याचं नाव आहे. पैठण आणि तगरचा माल बैलगाड्यांवरून भडोचला जायचा, पैठणचा गोमेद आणि तगरचं कापड. लामतुरे संग्रहालयातली हस्तिदंती बाहुली बघून झाल्यावर एका वर्षी सहावीतल्या मुलीने विचारलं, "गुरुजी, पण रस्ता कुठंय?" मी तेरणा नदीकडे हात करून वेळ मारून नेली. ते अजून मनात आहे.

मुलगा म्हणतो, इथला दोर्दोई बाजार म्हणजेच तुमचा रेशीम मार्ग, या आणि बघा. चीनहून तिकडे नवी रेल्वे येते आहे असंही वाचलं. ती जुन्याच वाटेने येणार का? तिकडे राहिलेल्या कुणी सांगितलं तर बरं होईल. गुडघे ठीक आहेत, पायऱ्या चढतो. रक्तदाबाची एक गोळी चालू आहे.

डॉक्टर_बार्शी

गुरुजी, नमस्कार. मी बिश्केकला सहा वर्षं होतो, आता बार्शीत प्रॅक्टिस करतो. तुमच्या मुलाचं म्हणणं बरोबर आहे, पण दोर्दोई शेवटी बघा. आधी टोकमोकला जा.

बिश्केकहून पूर्वेला साधारण साठ किलोमीटर. मार्शरुत्का म्हणजे आपल्याकडची वडाप, ती जाते. तिथून टॅक्सी करून अक-बेशिम. बोर्ड आणि मातीचे उंचवटे, एवढंच दिसेल. बरोबरचे मित्र दहा मिनिटांत कंटाळले होते, मी दोन तास बसलो. हे जुनं व्यापारी शहर सुयाब. ६३०च्या सुमारास ह्युएन त्संग इथे आला आणि पश्चिमी तुर्कांच्या खाकानाला, म्हणजे राजाला, भेटला. हिरवा रेशमी झगा, मोकळे लांब केस आणि कपाळाला रेशमाची पट्टी, असं त्याचं वर्णन ह्युएन त्संगच्या चरित्रात आहे. खाकानाने त्याला बजावलं, भारतात जाऊ नका, तिकडे फार उकडतं, तुमच्यासारखा माणूस तिथे वितळून जाईल. तरी तो आला, आणि ६४१च्या सुमारास आपल्या महाराष्ट्रात, पुलकेशीच्या राज्यात पोचला. उपकार विसरत नाहीत आणि अपमान सोडत नाहीत, असं त्याने महाराष्ट्रातल्या लोकांबद्दल लिहिलंय. अक-बेशिमच्या मातीत बसून हे आठवलं तेव्हा माझ्या अंगावर काटा आला होता.

सुयाबबद्दल त्याने आणखी एक लिहिलंय, इथे वेगवेगळ्या देशांचे व्यापारी मिळून राहतात. खोदकामात बौद्ध मंदिरं निघाली, ख्रिस्ती चर्चही निघालं. जवळच बुराना आहे, अकराव्या शतकातला मिनार, आता पंचवीस मीटर उरलाय. आतला जिना अंधारा आणि फार अरुंद आहे, सौ.ना खालीच थांबू द्या. अक-बेशिम, बुराना आणि क्रास्नाया रेच्का ही तिन्ही ठिकाणं २०१४ पासून जागतिक वारशात आहेत.

आता रस्त्याचं. माझे आजोबा कुर्डुवाडीला मालधक्क्यावर मुकादम होते. बार्शी लाइट रेल्वेचा अडीच फुटी रूळ तिथे ब्रॉडगेजला भेटायचा. लातूरहून आलेलं पोतं तिथे हमालाच्या पाठीवरून ब्रॉडगेजच्या वाघिणीत जायचं. ते म्हणायचे, गाडी दोन्हीकडची येते आणि जाते, पोट भरतं ते मधल्या धक्क्यावर. गुरुजी, मला बिश्केकला हेच दिसलं. चीनहून रोमपर्यंत एकच माणूस माल घेऊन गेला असं सहसा व्हायचं नाही. एका खोऱ्यातला व्यापारी पुढच्या खोऱ्यापर्यंत न्यायचा, तिथे उतरवायचा, विकायचा आणि परत फिरायचा. जिथे उतरवायचं तिथे सुयाब उभं राहायचं. म्हणून रेघ शोधू नका, धक्के शोधा.

दोर्दोई हा तसाच धक्का. हजारो शिपिंग कंटेनर, एकावर एक. खालच्यात दुकान, वरच्यात गोदाम. आमच्या घरमालकीणबाईंना आम्ही पोरं अपा म्हणायचो, म्हणजे आई. सोव्हिएत काळात त्या शाळेत गणित शिकवायच्या. १९९१ नंतर पगार मिळेना, तेव्हा बसने चीनमधल्या उरुमचीला जाऊन पिशव्यांतून कोट आणू लागल्या. मग दोर्दोईत अर्धा कंटेनर, मग एक पूर्ण. १९९८ साली किरगिझस्तान जागतिक व्यापार संघटनेत गेला, सोव्हिएतमधून फुटलेल्या देशांत सगळ्यात आधी. जकात कमी, त्यामुळे चिनी माल इथे उतरायचा आणि कझाक, उझबेक, रशियन गिऱ्हाइकं गोण्या भरून न्यायची. २०१५ला देश रशियाबरोबरच्या युरेशियन आर्थिक संघात गेला, बाहेरून येणाऱ्या मालाची जकात वाढली आणि अपांच्या गल्लीत कुलुपं दिसायला लागली. अपा हिशेब वहीतच मांडायच्या, बीजगणिताच्या पेपरासारखा सुबक.

भाषेकडे कान ठेवा. बाजार म्हणजे बाजार, चाय म्हणजे चहा, दुकानाला 'द्युक्योन', समोशाला 'साम्सा'. माझ्या आईला पहिल्याच दिवशी निम्मा बाजार कळला होता.

नवी रेल्वे तुमच्या टोकमोकच्या वाटेने येत नाही, बिश्केकलाही शिवत नाही. ती चीनमधल्या काश्गरहून सरहद्दीवरच्या तोरुगार्त खिंडीतून जलाल-अबाद आणि पुढे उझबेकिस्तानात अंदिजानला जाणार. पाचशेहून जास्त किलोमीटर आहे, त्यातले तीनशेच्या आसपास किरगिझ डोंगरांतले. बोलणी १९९० च्या दशकापासून चालू होती, कामाचा आरंभ २७ डिसेंबर २०२४ला झाला. चीनचा रूळ १४३५ मिलिमीटर रुंद, सोव्हिएत रूळ १५२०. मधे माकमल नावाच्या ठिकाणी माल बदलणार. आजोबा असते तर त्यांना माकमलला नेलं असतं.

तोरुगार्तच्या अलीकडे ताश रबात ही दगडी सराई आहे, जरूर बघा. पण ती तीन हजार मीटरच्या वर आहे. बिश्केकहून एका दिवसात जाऊ नका. वाटेतल्या नारिन गावाला मुक्काम करा, दुसऱ्या दिवशी चढा, रक्तदाबाची गोळी चुकवू नका. डोकं दुखायला लागलं, मळमळलं तर तिथे रात्र न काढता खाली या.

शेवा_फॉरवर्डर

डॉक्टरांनी धक्क्याचं लिहिलंय ते अगदी पटलं. मी उरणला राहतो, न्हावा शेवाहून मध्य आशियाचा माल पाठवतो, १४ वर्षं झाली.

गुरुजी, आशियाचा नकाशा काढा आणि श्रीनगर ते बिश्केक पट्टी ठेवा. हजार किलोमीटरसुद्धा भरणार नाहीत. पण मधे हिमालय आणि पाकिस्तान. पाकिस्तानातून आपला माल जात नाही. मग एक वाट म्हणजे शेवाहून जहाजाने इराणच्या बंदर अब्बासला, तिथून तुर्कमेन सीमेवरच्या सरख्सला, पुढे तुर्कमेनिस्तान, उझबेकिस्तान, कझाकस्तान करत बिश्केक. इराणचा रूळही १४३५चा, त्यामुळे सरख्सला बोगी बदला नाहीतर माल बदला. दुसरी वाट याहून लांबची. जहाज सिंगापूरला वळसा घालून चीनच्या छिंगदाव किंवा लिएनयुनगांगला, तिथून आख्खा चीन रेल्वेने ओलांडून कझाक सीमेवरचं खोर्गोस, पुन्हा रूळ बदल, अल्माटी, मग बिश्केक. म्हणजे घराच्या मागच्या दारी जायला गावाला प्रदक्षिणा.

माझा एक कंटेनर एका सरहद्दीवर १९ दिवस पडून होता. कागदात वजनाचा एक आकडा चुकला होता, चूक आमच्या बाजूची नव्हती. आत सर्जिकल हातमोजे होते. तिकडचा माणूस रोज फोन करायचा आणि माझ्याकडे सांगायला काही नसायचं. कॉरिडॉर हा शब्द ऐकला की लोकांना गुळगुळीत रस्ता दिसतो. मला प्रत्येक सीमेवरची ती कागद तपासणारी खिडकी दिसते. भारतातून इराणमार्गे रशियाला माल नेणाऱ्या उत्तर-दक्षिण कॉरिडॉरचा करार भारत, इराण, रशियाने २००० साली केला. इराणातला रश्त ते आस्तारा हा दीडशे-पावणेदोनशे किलोमीटरचा रेल्वेचा तुकडा बांधायचा करार व्हायला २०२३ उजाडलं. आणि इराणभोवती तणाव वाढला की विमा महागतो, गिऱ्हाईक म्हणतं चीनकडून पाठवा.

जुनी_नाणी

गुरुजी, एका बाईचं पत्र सांगते, वर्गात नक्की सांगण्यासारखं आहे. सुयाबला जे व्यापारी राहायचे त्यांत सोग्दी लोक बरेच. समरकंदकडचे हे लोक, आणि या वाटांवर त्यांचीच भाषा चालायची. १९०७ साली ऑरेल स्टाइनला चीनमधल्या दुन्हुआंगजवळ एका पडक्या टेहळणी बुरुजात त्यांची पत्रं सापडली, चौथ्या शतकाच्या सुरुवातीची. कधीच पोचली नाहीत ती.

त्यातली दोन मिवनाय नावाच्या बाईची आहेत. नवऱ्याने तिला आणि मुलीला दुन्हुआंगला ठेवलं आणि निघून गेला. ती एकेका नातेवाइकाकडे जाते, घरी न्या म्हणते, प्रत्येक जण दुसऱ्याकडे बोट दाखवतो. शेवटी नवऱ्याला लिहिते की तुझी बायको होण्यापेक्षा कुत्र्याची नाहीतर डुकराची बायको झालेलं परवडलं असतं. मुलीनेही खाली बापासाठी मजकूर जोडलाय. मला व्यापारी वाटांचं नाव निघालं की उंटांआधी या दोघी आठवतात. 'रेशीम मार्ग' हे नाव तर रिख्टहोफेन या जर्मन भूगोलतज्ज्ञाने १८७७ साली रूढ केलं. मिवनायला ते माहीतसुद्धा नव्हतं, तिला फक्त घरी जायचं होतं.

लातूरकर_गुरुजी

तिघांचे मनापासून आभार. सौ.ना पत्राचं वाचून दाखवलं, त्यांनी पुन्हा वाचायला लावलं. आता बेत असा: पहिले चार दिवस बिश्केक, त्यात एक दिवस अक-बेशिम आणि बुराना, नंतर नारिनला मुक्काम करून ताश रबात, शेवटी दोर्दोई. रस्ता विचारणारी ती मुलगी आता औशाजवळ शिक्षिका आहे, तिला मातीच्या उंचवट्यांचे फोटो पाठवीन.

डॉक्टर, अपा अजून दोर्दोईत बसतात का? त्यांच्यासाठी काय आणू?

डॉक्टर_बार्शी

आता लेक बसते गुरुजी, अपा घरीच असतात. पत्ता व्यक्तिगत निरोपात पाठवतो. चहापत्ती न्या, आसामची, जाड दाण्याची, दोन किलो. आणि तुम्हीही मास्तर आहात हे आधी सांगा, मग त्या तुम्हाला जेवल्याशिवाय सोडणार नाहीत.