जेन एअर संपली, आता एक प्रश्न पडलाय

पानगळ:
शार्लट ब्राँटेची जेन एअर वाचून संपवली, डोकं अजून तिथंच अडकलंय. पण १८४७ ला ती छापली करर बेल या टोपणनावानं, जॉर्ज एलियट पण बाईच, म्हणजे तेव्हा बायकांना स्वतःच्या नावानं लिहूच देत नव्हते का? आणि पुढं काय वाचू?

कुंपणावरची:
बंदी वगैरे काही नव्हती हो, मिसेस ऑलिफंट तर विधवा झाल्यावर स्वतःच्याच नावानं ढीगभर कादंबऱ्या लिहून घर चालवत होत्या. भीती समीक्षकांची, बाईचं पुस्तक म्हटलं की एकतर गोडगोड कौतुक नाहीतर चारित्र्यावर घसरायचं. एलियटची भानगड वेगळी. ती लुईस नावाच्या विवाहित माणसाबरोबर उघडपणे राहत होती, खरं नाव कळलं असतं तर पुस्तकाआधी तिचीच चिरफाड झाली असती. तिची अ‍ॅडम बीड ही कादंबरी गाजल्यावर कोणी लिगिन्स नावाचा माणूस त्याचं श्रेय खायला लागला म्हणून शेवटी तिला तोंड उघडावं लागलं 😄

जुनाखोड:
सगळे नावावरच बोलताय, पैशाचं पण बघा की. लग्न झालेल्या बाईची कमाई कायद्यानं नवऱ्याची, १८७० च्या कायद्यापर्यंत हेच चाललं होतं. कादंबरीकार गॅस्केलबाईंनी १८६५ मध्ये स्वतःच्या लिखाणाच्या पैशातून हॅम्पशायरला घर घेतलं, तेही नवऱ्याला न सांगता, त्याला नंतर सरप्राइज द्यायचं म्हणून, आणि त्याच नोव्हेंबरात त्या घरात चहा घेता घेता गेल्या. नवरा काही वाईट नव्हता बरं का, तरी चोरून घ्यावं लागलं.

कुंपणावरची:
+१, हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं.

शाईचाडाग:
पानगळ, पुढं अ‍ॅन ब्राँटेची द टेनंट ऑफ वाइल्डफेल हॉल घ्या. १८४८ ची आहे. दारुड्या नवऱ्याच्या तोंडावर खोलीचं दार लावून घेणारी हेलन, मग पोराला घेऊन पळते, नाव बदलते, चित्रं विकून पोट भरते, आणि हे सगळं कायदा नवऱ्याच्या बाजूनं असताना. अ‍ॅन गेल्यावर खुद्द शार्लटनंच ती पुन्हा छापायला नको म्हटलं, हे मला आजही पटत नाही, अ‍ॅन मागं पडली त्यात सख्ख्या बहिणीचाही हात आहे. घेताना फक्त आवृत्ती बघून घ्या, बऱ्याच जुन्या आवृत्त्यांत सुरुवातीचं पत्रच उडवलंय.

पानगळ:
ऑर्डर करतेय, पत्र आहे का बघून 🙏